इमोजेन : एका नांवाची जन्मकथा

इंग्रज समाजांत मुलींना जीं नांवें ठेवतात त्यांचा उगम शोधूं लागलें असतां बहुधा तीन-चार ठराविक वाटा सांपडतात. मेरी, एलिझाबेथ, रूथ हीं नांवें बायबलांतून आलेलीं. कॅथराइन, मार्गारेट हीं ख्रिस्ती संतस्त्रियांचीं. एडिथ, हिल्डा हीं जुन्या सॅक्सन लोकांचीं. आणि रोझ, व्हायोलेट, डेझी हीं तर उघड उघड बागेंतून खुडून आणलेलीं. आपल्याकडे देवींचीं, नद्यांचीं आणि फुलांचीं नांवें मुलींना देतात, त्यांतलाच हा प्रकार. परंतु एक नांव असें आहे कीं, तें यांपैकीं कोणत्याच वाटेनें आलेलें नाहीं. त्याचा जन्म लंडनच्या एका छापखान्यांत झाला, आणि तोही बहुधा चुकून. तें नांव म्हणजे इमोजेन.

हें नांव मुळांत विरळाच आहे. तरी ज्यांनीं शेक्सपिअरचीं नाटकें वाचलीं आहेत त्यांना तें परिचित असेल. ‘सिंबेलाइन’ या नाटकाची नायिका ती इमोजेन. सिंबेलाइन हा प्राचीन ब्रिटनचा राजा. इतिहासांत याचें नांव कुनोबेलिनस असें येतें, आणि त्याचीं नाणीं आजही सांपडतात. नाटकांतली कथा मात्र इतिहासाची नव्हे. राजकन्या इमोजेन पोस्टुमस नांवाच्या गुणी पण निर्धन तरुणाशीं गुप्तपणें विवाह करते. सावत्र आईला तिला आपल्या मूर्ख मुलाच्या गळ्यांत बांधावयाची असते. पोस्टुमसला हद्दपार करण्यांत येतें. तो रोमला जातो, आणि तेथें एका कपटी इटालियन गृहस्थाशीं पत्नीच्या पातिव्रत्यावरून पैज लावून बसतो. हा गृहस्थ एका पेटींत लपून इमोजेनच्या शयनगृहांत शिरतो, ती झोंपली असतां तिच्या हातांतलें कंकण काढून घेतो, आणि तें पुरावा म्हणून पतीपुढें ठेवतो. पती सेवकाला लिहितो कीं, तिला मारून टाक. सेवकाला तें धैर्य होत नाहीं. मग राजकन्या पुरुषवेष घेऊन वेल्सच्या डोंगरांत हिंडते, आपले हरवलेले भाऊ न ओळखतां त्यांच्याच गुहेंत आश्रय घेते, आणि शेवटीं सर्व उलगडा होऊन पतीला क्षमा करते. पुरुषवेषांत असतांना ती स्वत:चें नांव फिडेल, म्हणजे ‘एकनिष्ठ’, असें सांगते. जिचें स्वत:चें नांवच पुढें वादांत सांपडावयाचें होतें, तिनें नाटकांतही एक उसनें नांव घ्यावें, हा योगायोग मौजेचा आहे.

शेक्सपिअर १६१६ सालीं वारला. त्याच्या हयातींत ‘सिंबेलाइन’ छापलें गेलें नव्हतें. त्याच्या मृत्यूनंतर सात वर्षांनीं, १६२३ सालीं, हेमिंग्ज आणि काँडेल या त्याच्या दोन नटसहकाऱ्यांनीं त्याचीं छत्तीस नाटकें एका मोठ्या ग्रंथांत छापविलीं. यांपैकीं निम्मीं नाटकें त्यापूर्वीं कधींच छापलीं गेलीं नव्हतीं. हा ग्रंथ निघाला नसता तर ‘मॅक्बेथ’ आणि ‘टेंपेस्ट’ हीं नाटकें जगाला मिळालींच असतीं कीं नाहीं, शंका आहे. छपाई जॅगर्ड पितापुत्रांच्या छापखान्यांत झाली. ‘सिंबेलाइन’ या ग्रंथाच्या अगदीं शेवटीं आहे, आणि त्याचा शेवट गोड असूनही तें शोकान्तिकांच्या वर्गांत घातलेलें आहे. त्या पानांवर नायिकेचें नांव इमोजेन असें छापलें आहे. एकदां नव्हे, तर पुन:पुन्हा. इंग्लंडांत मुलीचें नांव म्हणून तोंवर हें रूप रुळलेलें नव्हतें. मग शेक्सपिअरनें तें कोठून आणलें?

याचें उत्तर असें देतात कीं, त्यानें तें आणलेंच नाहीं; त्यानें ‘इन्नोजेन’ असें लिहिलें होतें.

इन्नोजेन हें नांव मात्र शेक्सपिअरच्या काळीं जुनें आणि माहितीचें होतें. बाराव्या शतकांत, ११३६ च्या सुमारास, मन्मथचा जॉफ्री या धर्मगुरूनें ब्रिटनच्या राजांची एक बखर लॅटिनमध्यें लिहिली. आपल्याकडील बखरींप्रमाणेंच तींत इतिहास थोडा आणि दंतकथा फार. ट्रॉयच्या राजवंशांतला ब्रूटस ग्रीक राजाला जिंकून त्याची कन्या वरतो, आणि गलबतांत बसून नव्या देशाच्या शोधाला निघतो. त्या कन्येचें नांव इन्नोजेन. माहेरचा किनारा दृष्टीआड होईपर्यंत ती गलबताच्या मागच्या टोंकाला उभी राहून रडते, असें जॉफ्रीनें वर्णन केलें आहे. त्या सबंध रूक्ष वंशावळींत हें एक चित्र मनांत राहतें. ब्रूटसवरून त्या देशाला ब्रिटन हें नांव पडलें अशी ती कथा. अर्थात् इन्नोजेन ही ब्रिटनची पहिली राणी ठरली. हीच कथा होलिनशेडनें आपल्या इतिहासांत घेतली, आणि हा होलिनशेडचा इतिहास शेक्सपिअरच्या सदैव हाताशीं असे. ‘सिंबेलाइन’मधील राजाचें नांवही त्यानें तेथूनच उचललें. प्राचीन ब्रिटनच्या राजकन्येला नांव हवें होतें. त्याच ग्रंथांत पहिल्या राणीचें नांव समोर होतें. यापेक्षां सरळ गोष्ट कोणती?

आतां इन्नोजेनची इमोजेन कशी झाली तें पाहूं. त्या काळीं इंग्लंडांत हस्तलिखितांसाठीं जी लपेटी वापरींत, तींत ‘न’चा उच्चार दाखविणारें अक्षर म्हणजे शेजारीं-शेजारीं दोन लहान उभ्या रेघा, आणि ‘म’चें अक्षर म्हणजे तशाच तीन रेघा. दोन ‘न’ जोडून आले म्हणजे चार रेघा झाल्या. लिहिणारा घाईंत असला, बोरू बोथट असला किंवा शाई पसरली, तर चार रेघांच्या तीन व्हावयास कितीसा वेळ लागणार! शाळेंतील मुलांच्या वह्या ज्यांनीं वर्षानुवर्षें तपासल्या आहेत त्यांना याविषयीं अधिक सांगणें नकोच. मोडी वाचणारांनाही हा अनुभव नवा नाहीं. नारायणराव पेशव्यांच्या १७७३ मधील वधासंबंधीं आनंदीबाईनें ‘ध’चा ‘मा’ केल्याची आख्यायिका महाराष्ट्रांत मुलामुलांना ठाऊक आहे. ती खरी असो वा नसो, एका अक्षरानें काय होऊं शकतें याची जाणीव तिनें आपल्या भाषेंत कायमची ठेवून दिली आहे. पुण्यांतल्या त्या गोष्टींत एका अक्षरानें प्राण गेला. लंडनमध्यें एका अक्षरानें एक नवें नांव जन्मास आलें.

पण हा नुसता तर्क आहे काय? नाहीं. त्याला दोन साक्षीदार आहेत, आणि दोघेही विलक्षण आहेत.

पहिला साक्षीदार सायमन फोर्मन. हा लंडनमधला वैद्य आणि ज्योतिषी. कांहींसा वैदू, कांहींसा पंडित. १६११ सालीं त्यानें पाहिलेल्या चार नाटकांच्या हकीकती एका वहींत टिपून ठेवल्या. नाटकावरून व्यवहाराला उपयोगी असा काय बोध घ्यावा, हें त्याला मुख्यत: टिपावयाचें होतें, लबाड फिरस्त्यांपासून सावध राहावें, असले धडे तो काढतो. त्या चारांत ‘सिंबेलाइन’ आहे. पेटी, कंकण, गुहा, पुरुषवेष, सारें कांहीं त्यानें सांगितलें आहे, आणि नायिकेचें नांव तो इन्नोजेन असें लिहितो. त्याच वर्षाच्या सप्टेंबरांत फोर्मन वारला. म्हणजे त्यानें तें नांव छापील ग्रंथांत पाहिलेलें असणें शक्य नाहीं. नटांच्या मुखांतून जें ऐकलें तेंच त्यानें लिहिलें. ही वही प्रथम १८३६ सालीं जॉन पेन कॉलिअरनें प्रसिद्ध केली. हा कॉलिअर मोठा विद्वान, पण बनावट कागद तयार करण्याबद्दल पुढें कुप्रसिद्ध झालेला. त्यामुळें फोर्मनच्या वहीवरही संशयाचें सांवट आलें. परंतु ऑक्सफर्डच्या बॉडलियन ग्रंथालयांतील मूळ वही तपासून पाहणारांनीं ती अस्सल ठरविली आहे. खोट्या माणसाच्या हातून खरा कागद बाहेर येऊं शकतो, हें इतिहासाच्या अभ्यासकानें विसरूं नये.

दुसरी साक्ष एका मुक्या बाईची. ‘मच् अ‍ॅडू अबाउट नथिंग’ हें शेक्सपिअरचें नाटक १६०० सालीं छापलें गेलें. त्याच्या आरंभींच्या रंगसूचनेंत मेसिना शहराचा अधिकारी लिओनाटो प्रवेश करतो, आणि त्याच्याबरोबर त्याची बायको इन्नोजेन. दुसऱ्या अंकाच्या आरंभींही लिओनाटोच्या पत्नीचा उल्लेख आहे. पण ही बाई सबंध नाटकांत एक शब्दही बोलत नाहीं, तिच्याशीं कोणी बोलत नाहीं. मुलीवर भर विवाहमंडपांत कलंक येतो तेव्हांही आईचा पत्ता नसतो. कवीनें तिला योजिलें आणि मग विसरून गेला, असें दिसतें. थिओबल्ड या संपादकानें १७३३ सालीं तिला पात्रांच्या यादींतून काढून टाकलें. पण लक्षांत घेण्यासारखी गोष्ट अशी कीं, ‘सिंबेलाइन’मधील पतीचें पूर्ण नांव पोस्टुमस लिओनाटस असें आहे. एका नाटकांत लिओनाटो आणि इन्नोजेन, दुसऱ्यांत लिओनाटस आणि इन्नोजेन. कवीच्या मनांत ही जोडी आधींपासून बसली होती, असें म्हणावयास यापेक्षां अधिक काय पाहिजे?

उलट बाजूचें म्हणणेंही ऐकलें पाहिजे. छापील ग्रंथांत चूक एकदोन ठिकाणीं नाहीं. आरंभापासून शेवटपर्यंत इमोजेनच आहे. जुळारी एकदां चुकेल, दहा वेळां चुकेल, पण एकदांही बरोबर वाचणार नाहीं, हें कसें? कदाचित् कवीनेंच पुढें नांव बदललें असेल, आणि फोर्मननें होलिनशेडची आठवण होऊन जुनें लिहिलें असेल. हा आक्षेप टाकाऊ नाहीं. त्याला उत्तर असें कीं, छापखान्याकडे कवीची मूळ प्रत गेलीच नसावी. एखाद्या लेखनिकानें केलेली स्वच्छ नक्कल गेली असावी. रॅल्फ क्रेन नांवाच्या सुंदर हस्ताक्षराच्या लेखनिकाकडे कांहीं विद्वान बोट दाखवितात. नक्कल करणारानें पहिल्या पानावर ‘म’ वाचला म्हणजे पुढें तो प्रत्येक पानावर ‘म’च वाचणार. हें उत्तर पटण्यासारखें आहे. शिवाय इन्नोजेन हें नांव कानावर पडतांच इंग्रज श्रोत्याला निष्पाप या अर्थाचा ‘इनोसंट’ शब्द आठवावा, आणि नाटकाचा सगळा विषयच एका निष्पाप स्त्रीवरील आळ असावा, यांत कवीचा हेतु दिसतो. ‘म’ आला आणि तो ध्वनि बुजला.

नांवाच्या अर्थाविषयीं मतभेद आहेत. पण सर्वसाधारण तर्क असा कीं, त्याच्या मुळाशीं केल्टिक भाषांतील ‘मुलगी, कन्या’ या अर्थाचा शब्द आहे. जुन्या आयरिश भाषेंत तो ‘इंगेन’ असा होता. याहूनही जुनें रूप वेल्समध्यें कार्मार्थनशायर परगण्यांत एका शिळेवर कोरलेलें आहे. शिळेवर दोन लेख आहेत : एक लॅटिन, दुसरा कडेवर खांचा पाडून लिहिण्याच्या ‘ओगम’ लिपींत. दोन्हींचा अर्थ एकच, कीं ही कुनिग्नस याची कन्या आविटोरिया. लॅटिनमध्यें जेथें ‘फिलिया’ आहे तेथें ओगममध्यें ‘इनिगेना’ आहे. या ‘इनिगेना’मधला ‘गेन’ म्हणजे जन्मणें. आणि तो धातु संस्कृतांतल्या ‘जन्’चा सख्खा भाऊ. गिरिजा, शैलजा, आत्मजा या नांवांत जो ‘जा’ आहे त्याच्याच कुळांतला. हा तर्क मान्य केला तर इन्नोजेन आणि आत्मजा हीं नांवें दूरचीं बहिणी-बहिणी ठरतात. अर्थात् इमोजेन या रूपाला स्वतंत्र अर्थ नाहीं. व्युत्पत्तीच्या दृष्टीनें तें निरर्थक आहे, आणि तरीही नांव म्हणून तें जगलें, हीच त्याच्या इतिहासांतली खरी नवलाची गोष्ट.

तें जगलें त्याचें श्रेय नायिकेला. अठराव्या शतकाच्या उत्तरार्धापासून इंग्रजी साहित्यांत या राजकन्येचें वेडच लागलें. विल्यम गॉडविननें १७८४ सालीं ‘इमोजेन’ नांवाची कादंबरिका लिहिली; लुइसच्या १७९६ मधील ‘मंक’ या भयकथेंतल्या प्रसिद्ध पोवाड्याची नायिका याच नांवाची, फक्त वर्णलेखन थोडें निराळें. कीट्सला कवीची वृत्ति कशी असते तें १८१८ सालच्या एका पत्रांत सांगावयाचें होतें, तेव्हां त्यानें दुष्टतेचें टोंक म्हणून इयागो आणि चांगुलपणाचें टोंक म्हणून इमोजेन घेतली. स्विनबर्ननें शेक्सपिअरवरील आपला ग्रंथ तिच्या स्तुतीनें संपविला. १८९२ सालीं टेनिसन मृत्युशय्येवर होता तेव्हां त्यानें शेक्सपिअर मागितला, आणि ‘सिंबेलाइन’ची प्रत त्याच्या शवपेटींत ठेवण्यांत आली. १८९६ सालीं एलन टेरी या नटीनें ही भूमिका केली. त्या वेळीं बर्नार्ड शॉनें तिला पत्रांमागून पत्रें लिहून सूचना दिल्या. नाटकाचा शेवटचा अंक शॉला इतका नापसंत होता कीं, पुढें त्यानें तो स्वत:च नव्यानें लिहिला. 

कवींकडून हें नांव हळूहळू पाळण्यापर्यंत पोंचलें. पण तें मोजक्याच घरांत. १८८३ सालीं अमेरिकेंत पोर्टलंड येथें जन्मलेल्या इमोजेन कनिंगहॅम या छायाचित्रकार बाईंचें नांव त्यांच्या वडिलांनीं नाटकावरूनच ठेवलें होतें. दुसरी इमोजेन आपल्याला अधिक जवळची आहे. गुस्ताव होल्स्ट हा इंग्रज संगीतकार संस्कृत शिकला, ऋग्वेदांतील सूक्तांचीं भाषांतरें स्वत: करून त्यानें त्यांना चाली दिल्या, आणि सावित्रीच्या आख्यानावर एक छोटें संगीतनाटक रचलें. त्याला १९०७ सालीं कन्या झाली. यमाला वाक्चातुर्यानें जिंकणाऱ्या पतिव्रतेची कथा ज्याच्या मनांत घोळत होती, त्या पित्यानें मुलीला इमोजेन हें नांव द्यावें, यांत नवल वाटूं नये. या इमोजेन होल्स्ट स्वत:ही नामांकित संगीतज्ञ झाल्या, आणि १९५०-५१ च्या हिंवाळ्यांत शांतिनिकेतनांत राहून त्यांनीं हिंदी संगीताचा अभ्यास केला. त्या १९८४ सालीं निवर्तल्या.

नायिकेची कथा महाराष्ट्रांत याच्याही पुष्कळ आधीं आली होती. पण नांव मात्र वाटेंतच गळून पडलें. विष्णु मोरेश्वर महाजनी यांनीं १८७९ सालीं ‘सिंबेलाइन’चें मराठी रूपांतर केलें. मराठी प्रेक्षकापुढें इमोजेन म्हणून कोणाला उभी करणार? महाजनींनीं नाटकालाच नायिकेचें नांव दिलें, आणि तें नांव ‘तारा’. इचलकरंजीकर मंडळींनीं त्याचा प्रयोग बडोद्यास केला. तेथील महाविद्यालयांतले इंग्रज अध्यापक हॅरल्ड लिटलडेल यांनीं तो पाहिला आणि १८८० सालीं इंग्लंडांतल्या एका मासिकांत त्यावर मोठा रसाळ लेख लिहिला. सिंबेलाइन राजाचें नांव मागें सारून नाटकाला खऱ्या नायिकेचें नांव द्यावें, हें महाजनींना जें सुचलें तें इंग्रजांना सुचावयास किती वर्षें लागलीं तें पुढें येईलच.

१९८६ सालीं स्टॅन्ली वेल्स आणि गॅरी टेलर यांनीं ऑक्सफर्डहून शेक्सपिअरची समग्र आवृत्ति काढली, आणि तींत त्यांनीं धीटपणें इमोजेन पुसून इन्नोजेन छापलें. संशय पूर्वींपासून होता. छापण्याचें धाडस नवें होतें. मग इतर संपादकही त्या बाजूला झुकूं लागले. आर्डेन ग्रंथमालेच्या १९५५ च्या आवृत्तींत इमोजेन होती. त्याच मालेच्या २०१७ च्या आवृत्तींत इन्नोजेन आहे. यावर कुरकुर झाली ती स्वाभाविक होती. साडेतीनशें वर्षें जिच्यावर कवींनीं जीव लावला, जिच्या भूमिकेनें नटींनीं कीर्ति मिळविली, तिला एका सकाळीं सांगावयाचें कीं तुझें नांव हें नव्हेच! पण संपादकाचें काम कवीनें काय लिहिलें तें शोधणें हें आहे, लोकांना काय आवडतें तें नव्हे. आणि त्या दृष्टीनें पाहतां इन्नोजेनची बाजू बळकट आहे. नाटकाच्या पानावर तिला तिचें नांव परत मिळणें योग्यच. मात्र यामुळें पाळण्यांतल्या इमोजेनचें नांव खोटें ठरतें असें कोणी म्हणेल तर तें शुद्ध पंडिती खूळ होय. सेड्रिक हें मुलाचें नांवही वॉल्टर स्कॉटनें १८१९ च्या ‘आयव्हॅन्हो’ कादंबरींत सर्डिक या जुन्या नांवाचीं अक्षरें उलटसुलट होऊन रूढ केलें, असें मानतात. म्हणून जगांतल्या सेड्रिकांनीं आपलीं नांवें बदललेलीं नाहींत. इमोजेनच्या बाबतींत तर विद्वान तें नांव खोडीत असतांनाच आईबाप तें अधिक ठेवूं लागले. एकविसाव्या शतकाच्या आरंभीच्या वर्षांत इंग्लंड-वेल्समधील मुलींच्या पहिल्या शंभर लोकप्रिय नांवांत तें जाऊन बसलें.

२०१६ हें शेक्सपिअरच्या मृत्यूचें चारशेंवें वर्ष. त्या वर्षीं त्याच्या जन्मगांवीं, स्ट्रॅटफर्ड येथें, रॉयल शेक्सपिअर कंपनीनें ‘सिंबेलाइन’चा प्रयोग केला. तींत नायिकेला सर्वांनीं इन्नोजेन म्हणून हांक मारली. त्याच वर्षीं लंडनला थेम्सकांठच्या ग्लोब रंगमंदिरांत हेंच नाटक लागलें. तेथल्या मंडळींनीं राजाचें नांव पुसून टाकलें आणि नाटकाला नायिकेचें नांव दिलें. दारावरच्या फलकावर त्यांनीं लिहिलें : ‘इमोजेन’.